चुलीमागची काजळी

आमच्या दोह्याच्या घरात शांतता म्हणून कधी नांदली नाही. वाळवंटाकडून शमाल सुटला, म्हणजे तिथला तो उत्तरेचा कोरडा वारा, की आधी न्हाणीचा पत्रा कुरकुरायचा. मग मागच्या मोकळ्या जागेत बाबांनी रचून ठेवलेल्या फळ्या एकमेकींवर आपटायला लागायच्या आणि त्या सगळ्याच्या वर आईचा आवाज चढायचा, "फल्यांवर धोंडे ठेवा म्हणून किती वेला सांगितलां!" बाबा धोंडे ठेवायचे आणि दोन दिवसांनी त्याच फळ्या लागल्या म्हणून धोंडे पुन्हा खाली. बाबा सुतार मेस्त्री होते. एका मोठ्या ठेकेदाराकडे त्यांच्या हाताखाली माणसं होती, म्हणून त्यांना बायकोमुलीसकट राहायला घर मिळालं होतं. त्या काळी बायकामाणसं घेऊन राहणारी आपली घरं दोह्यात बोटांवर मोजण्याइतकी. बाकीचे कोकणातले सगळे एका खोलीत पाच-सहा जण मिळून राहायचे आणि शुक्रवारी आमच्याकडे जेवायला यायचे. सुट्टीच्या दिवशीही बाबांना बसवत नसे. कपाट या भिंतीवरून त्या भिंतीला न्यायचे, खाटेचे पाय कापून ती बुटकी करायचे, मग आईनं आरडाओरडा केला की पायांना परत तुकडे जोडायचे. हा अस्वस्थपणा मी त्यांच्याकडूनच घेतला, असं आई शेवटपर्यंत म्हणत आली, आणि तिचं काही चुकलं नाही.

आईचं राज्य स्वयंपाकघरात. दाभोळच्या खाडीकाठच्या आमच्या गावातून तिनं पाटा-वरवंटा बोटीवर चढवून आणला होता. खलाशानं हे काय म्हणून विचारलं तर त्यालाच झापलं होतं. सकाळी तांदळाच्या भाकऱ्या, कधी घावन, दुपारी मच्छीचं सालन, आणि कुणी पाहुणा येणार असला की वाफेवरची सांदणं. मासा तिथला, पण कोकम गावचं. आणि स्वच्छता अशी, की चुलीमागची भिंत रोज पुसली जायची. दिवसाचा स्वयंपाक झाला की ती काथ्या आणि राख घेऊन बसायची. तिच्या लेखी बाईची परीक्षा त्या भिंतीवर होत असे. गावी कुणाकडे मुलगी बघायला गेली की ती पाणी मागण्याच्या निमित्तानं आत शिरायची, चुलीमागे एक नजर टाकायची आणि बाहेर येऊन आपल्या भावजयीला मान हलवून दाखवायची. मला राखेचा तिटकारा होता, कोळशाचा मात्र नव्हता. गावच्या शाळेत सातवीपर्यंत शिकून मी दोह्यात आले ती घरातच अडकले. सतरा वर्षांची घोडी, बाहेर जायचं तर आईबरोबर. मग मी चुलीतला कोळसा घेऊन अंगणातल्या सिमेंटवर जे दिसेल ते काढायची. मासेवाला, टँकर, बाबांचा रंधा. संध्याकाळी आई पाण्याची बादली ओतून सगळं धुऊन टाकायची, आणि सकाळी मला नवीन पाटी मिळायची.

मागच्या वर्षी दोह्याला पुतण्याकडे गेले होते. तो ओल्ड एअरपोर्ट भागात राहतो, बाराव्या-तेराव्या मजल्याचं काहीतरी नको म्हणून मुद्दाम जुना व्हिला घेतलाय. त्याच्या मुलांना मी मराठीत गोष्ट सांगितली, त्यांनी नीट ऐकली आणि प्रश्न सगळे इंग्रजीत विचारले. आमचं घर कुठे होतं ते दाखव म्हणाली. पुतण्यानं गाडी नजमा वस्तीच्या बाजूनं फिरवली. कॅफेटेरिया, मोबाईलची दुकानं, गॅलऱ्यांतून वाळत घातलेले शर्ट. मी एका पार्किंगकडे बोट दाखवून दिलं. खरं म्हणजे मला काहीही ओळखू आलं नव्हतं, पण मुलांना निराश कशाला करायचं.

तर आमच्या घरामागच्या त्या मोकळ्या जागेत एक दिवस कारेल आला. कुठल्यातरी परदेशी कंपनीला मोती काढणाऱ्या नाखव्याच्या घराण्यावर सिनेमा काढायचा होता. किनाऱ्यावरची जुनी घरं पाडायला सुरुवात झाली होती, आणि जी उरली होती त्यांच्या गच्चीवर रेडिओच्या तारा नि भिंतीत एअरकंडिशनरची भोकं. तेव्हा नाखव्याचं घर नवीनच बांधायचं ठरलं. जागा ठेकेदाराची, म्हणजे आमच्या घरामागची, आणि सुतारकाम बाबांकडे. हा कारेल झेकोस्लोव्हाकियाचा. उंच, हडकुळा, उन्हानं नाक सोललेलं, खिशात नेहमी पेन्सिलींचे तुकडे. आई त्याला पहिल्या दिवसापासून कारलेसाहेब म्हणाली. कुठल्या गावचे कारले म्हणून तिनं बाबांना विचारलंही होतं. खुर्ची दिली तर तो खुर्चीच्याच पाठीला हात टेकून उभा राहायचा. चहा चालता चालता प्यायचा आणि कप भलतीकडेच विसरायचा. आई म्हणायची, "ह्येच्या पायाला चाकां लावलीत काय गो? बसत नाय तां नाय, दुसऱ्यालाव बसू देत नाय." बाबांना मात्र जन्मात पहिल्यांदा आपल्यासारखा माणूस भेटला होता.

त्याची गंमत अशी, की त्या सिनेमात तो एकटाच दोन माणसं होता. घर कसं दिसेल हे ठरवणारा डिझायनर तोच, आणि त्या घराला किती लाकूड लागेल, माणसं किती, कुणाला काय मिळेल हे बघणारा मॅनेजरही तोच. दोघांचं आपसात पटत नसे. मॅनेजर व्हायचं असलं की तो खिशातून टाय काढून त्या उकाड्यात गळ्याला बांधायचा. डिझायनर व्हायचं असलं की टाय उपटून खिशात कोंबायचा. मी खिडकीच्या जाळीतून पाहायची. टाय नसताना तो बाबांना सांगायचा, इथे सागवानी दार पाहिजे, जुनं, जड, कुरकुरणारं. बाबा खूश होऊन मापं घ्यायला लागत. मग तो वळायचा, टाय बांधायचा, परत वळायचा आणि म्हणायचा, सागवान नाही मिळणार, प्लायवूड. बाबा विचारायचे, "साहेब, मग आत्ता बोलला तो कोण?" तो गंभीरपणे म्हणायचा, "तो माणूस उधळ्या आहे. त्याचं ऐकू नका." आमच्याकडे हसण्यासारखं फार नव्हतं. त्याची नक्कल करून बाबा रोज जेवताना आम्हाला हसवायचे. त्यासाठी आईचा दुपट्टा टायसारखा बांधायचे.

त्याची हकीकत मला पुढे तुकड्यातुकड्यांनी कळली. त्याचं इंग्रजी मोडकं, माझं त्याहून मोडकं, म्हणून आमचं बरं जमलं. बाबा जवळ असले की मला मागच्या जागेत जायची परवानगी होती. प्रागला एका मोठ्या स्टुडिओत तो रंग कालवणारा म्हणून लागला, मग नकाशे काढायला लागला, मग स्वतः सेट उभे करायला लागला. राजवाडे केले, खाणी केल्या, एकदा तर आख्खा रस्ता केला, दुकानांसकट. पुढे एका सिनेमात त्यानं कामगाराचं घर केलं, त्यात छताला ओल दाखवली. वरच्या लोकांना ती ओल आवडली नाही. आपल्या देशात कामगाराच्या घराला ओल नसते म्हणाले. तो म्हणाला, मी त्याच घरात जन्मलोय. झालं. सेट करणं बंद, आणि शिक्षा म्हणून मॅनेजर केलं. दुसऱ्यांच्या सेटचे खिळे मोजत बस. ते काम तो इतकं चांगलं करायला लागला, की परदेशी कंपन्या सिनेमा काढायला आल्या की त्याला भाड्यानं देऊ लागले. "कॅमेऱ्यासारखं," तो म्हणाला, "फक्त कॅमेऱ्याला जास्त जपतात." इथे वाळवंटात वरचे लोक नव्हते, म्हणून त्यानं दोन्ही कामं मागून घेतली होती. कितीतरी वर्षांनी त्याला स्वतःची भिंत मिळाली होती, आणि ती आमच्या न्हाणीच्या मागे होती.

घराचा दर्शनी भाग झाला, अंगण झालं, मजलिस, म्हणजे पुरुष पाहुण्यांची बैठक, झाली. अडलं ते स्वयंपाकघर. सिनेमातला मोठा प्रसंग तिथेच घडायचा होता. नाखवा समुद्रातून परत आलेला नाही, हे त्याच्या बायकोला चुलीपाशी कळतं. पण तिथल्या जुन्या घरांत परका पुरुष मजलिसच्या पलीकडे पाऊल टाकू शकत नाही, आणि स्वयंपाकघराचा फोटो काढू द्या म्हणून विचारण्याचीही सोय नाही. त्याच्याबरोबर आलेल्यांत बाई एकही नव्हती. तेव्हा त्यानं बाबांना विचारून आमचं स्वयंपाकघर बघितलं, आणि दुसऱ्या दिवशी कागदावर तेच काढून आणलं. नाखव्याच्या घरात पाटा-वरवंटा आणि विळी! मला हसू आवरेना. मी म्हटलं, हे तर दाभोळ झालं. मग कोळसा घेतला आणि अंगणातल्या सिमेंटवर त्याला उम्म नासरचं स्वयंपाकघर काढून दाखवलं.

उम्म नासर आमच्या शेजारची म्हातारी. तिचा नवरा खराच मोत्यांच्या होडीवरचा नाखवा होता. तो जाऊन जमाना झाला होता. आई तिला सांदणं पाठवायची, ती आम्हाला खजूर नि सुकी काळी लिंबं. मी तिच्या चुलीपाशी तासन्‌तास बसलेली होते. तिचे तांब्याचे हंडे कुठे उपडे घातलेले असतात, पाण्याचा माठ कुठल्या कोपऱ्यात, ताडाच्या पातीचा पंखा दाराच्या मागे कुठल्या खिळ्याला असतो, सगळं डोळ्यांसमोर होतं. कारेल सिमेंटवर गुडघे टेकून बघत राहिला. त्यानं कौतुक केलं नाही, फक्त प्रश्न विचारले. चुलीपासून उठताना ती भिंतीला कुठे हात टेकते? ओला हात कशाला पुसते? मला सगळी उत्तरं देता आली. मग त्यानं आईला सांगून त्या दिवशी बादली ओतू दिली नाही. आईला ते मुळीच पटलं नाही.

त्यानंतरचं बोलणं बाबांचं आणि त्याचं. बाबा रात्री जेवताना म्हणाले, "साहेब म्हणतोय, ह्या पोरीला चित्रकलेच्या कॉलेजात टाका. मुंबईला." आईचा घास हातात राहिला. माझं लग्न गावी मामूच्या मुलाशी जवळजवळ ठरलेलं होतं, आणि पुढच्या बोटीनं आम्ही दोघी जाणार होतो. मामूचा मुलगा वाईट नव्हता. त्याचा चेहरासुद्धा मला धड आठवत नव्हता, तर वाईट काय म्हणणार. पण त्या घरातली चुलीमागची भिंत मला आठवत होती. मी पहिल्यांदाच तोंड उघडून म्हटलं, मला जायचंय मुंबईला. आई आणि बाबा खूप भांडले. फळ्यांचा आवाजही ऐकू येईना इतके. शेवटी बाबांनी तोड काढली. स्वयंपाकघराचा सेट साहेबानं माझ्यावर सोपवला होता. तो साहेबानं पास केला तर मी माझगावात फूफीकडे, बाबांच्या बहिणीकडे, राहून शिकणार, नापास केला तर बोट आणि गाव. आई म्हणाली, "इन्शाल्ला." कशासाठी ते तिनं सांगितलं नाही.

मग मी झपाटल्यासारखी कामाला लागले. बाबांच्या माणसांनी ताट्या उभ्या करून त्यावर गोणपाट नि चुना मारून भिंती दिल्या, आणि त्या भिंतींना म्हातारं करायचं काम माझं. सरसात काजळी कालवून चुलीमागे एकावर एक हात दिले. खजुराचा पाक फडक्यावर घेऊन दाराच्या चौकटीला, हात लागतो तेवढ्याच उंचीवर चोळला. माठाखाली चहाच्या पाण्याचे ओलीचे डाग. खालच्या बाजूला झाडूचे ओरखडे. कारेल यायचा, नाक भिंतीला लावायचा आणि म्हणायचा, "इथे कुणी राहत नाही अजून." मी परत लागायची. मला झोपेतही भिंती दिसायच्या, जेवताना मी ताटातलं सालन बोटानं ताटाच्या कडेला लावून बघायची. आई नुसती बघत असायची. एकदा म्हणाली, "जल्लां मेलां, रुकय्या, नव्या भिंतीला कोन कालां फासतो?"

ज्या दिवशी दुपारच्या नमाजनंतर कारेल सेट बघून निकाल देणार होता, आणि त्यानंतर कंपनीचे मोठे साहेबही यायचे होते, त्या सकाळी आईनं मला डबा देऊन उम्म नासरकडे पाठवलं. "बस जरा तिच्याजवल. निवांत ये," म्हणाली. मला घरी थांबणं जड झालंच होतं. उम्म नासरनं कॉफी पाजली, गुडघे चोळून घेतले, गप्पा मारल्या. दुहरची, दुपारच्या नमाजची बांग झाली तशी मी परत आले आणि सरळ मागे गेले.

सेटवर राखेचा वास येत होता. आई आणि तिच्या दोन मैत्रिणी, एक रायगडकडची नि एक आमच्याच तालुक्यातली, पदर खोचून जमिनीवर बसल्या होत्या. चुलीमागची भिंत पांढरीशुभ्र. काथ्यानं घासून घासून माझी काजळी त्यांनी चुन्यापर्यंत खरवडून काढली होती. दाराची चौकट धुतलेली. हंडे लिंबानं घासून आरशासारखे, आणि उंचीप्रमाणे ओळीनं मांडलेले, आमच्या घरी असतात तसे. पंखा खिळ्यावरून काढून फळीवर ठेवलेला. आई घामानं निथळत होती आणि माझ्याकडे बघून चक्क हसत होती. तिला वाटलं मी खूश होईन.

मी किंचाळले. "मुद्दाम केलंस! मला गावी न्यायचंय म्हणून केलंस हे!"

आईचं हसू गेलं. "काय बोलतेस गो? बडे लोक येनार, ह्या रुकय्याचां सैपाकघर म्हणून बघनार. आन् चुलीपाठी ही काजली? काय म्हनतील, मेस्त्रीच्या बायकोनं पोरीला ह्याच शिकवलान? तुझी अब्रू जाईल म्हणून सकालपास्नं कंबर मोडून घेतली, आन् तू मना बोलतेस?" तिनं दोन्ही हात माझ्यापुढे धरले. नखांत काजळी गच्च भरली होती, बोटांची सालं निघाली होती. मला तिच्या बोलण्यावर तत्क्षणी विश्वास बसला आणि त्यानं राग जास्तच वाढला, कारण आता रागवायला कुणी उरलं नव्हतं. मी तिथेच खाली बसून रडायला लागले. मैत्रिणींनी हळूच आपापले काथे पदराखाली घेतले.

बाबा आले, त्यांनी डोक्याला हात लावला. मागोमाग कारेल. मोठे साहेब येणार म्हणून टाय बांधलेला. तो दारात थांबला. मग आत आला, भिंतीवरून बोट फिरवलं, बोट स्वच्छ निघालं. आणि त्याला ओळखत होतो तेवढ्या दिवसांत पहिल्यांदाच तो खाली बसला, आईनं नुकत्याच पुसलेल्या जमिनीवर. त्याच्याकडे बघून आईला कळलं की काहीतरी भलतंच झालंय. ती बाबांना विचारायला लागली, "काय झयला? साहेब बरा हाय ना? पानी देऊ?"

कारेल माझ्याशी बोलला, हळू, शब्द शोधत. अस्सरला, तिसऱ्या प्रहरच्या नमाजच्या सुमाराला, साहेब येतील. मधल्या वेळात रंग वाळणार नाही. दुसरीकडून शूटिंग सुरू करू, हा प्रसंग काढून टाकू. पण मला एक गोष्ट दिसत होती. आई चुलीसमोर उभी होती आणि चूल कोरी होती. मी डोळे पुसले नि म्हटलं, रंग नको. खरी आग पेटवू. हिला इथे स्वयंपाक करू दे.

तो चटकन उभा राहिला. नाही. मुळीच नाही. ताट्या, गोणपाट, प्लायवूड, वर वारा. एक ठिणगी पडली तर सगळं घर जाईल, आणि ते घर त्याच्या सहीवर उभं होतं. तो बोलत होता ते बरोबरच होतं, आणि तो बोलताना गळ्याची गाठ घट्ट करत होता. मी त्या गाठीकडे बघितलं.

"मी तुम्हाला नाही विचारलं," मी माझ्या मोडक्या इंग्रजीत म्हणाले. "त्या दुसऱ्याला विचारा."

साहेबाशी असं बोलायची कुणाची टाप नव्हती. कारेलचं सोललेलं नाक आणखी लाल झालं. मग त्यानं टायची गाठ सोडली, टाय गळ्यातून ओढून काढला आणि खिशात न कोंबता बाबांच्या हातात दिला. "मेस्त्री," तो म्हणाला, "वाळूच्या बादल्या भरा. सगळ्या. यल्ला!"

पुढचे दोन-अडीच तास मला आजही सगळ्यात सुखाचे वाटतात, आणि त्यानंतर मी पुष्कळ सेट केले. बाबांनी चुलीमागून पत्रा ठोकला, त्यावर गोणपाट, चुना, तो आगीच्या धगीनंच वाळणार होता. बाबांची माणसं वाळूच्या बादल्या धरून भिंतीबाहेर उभी. मी हंडे विस्कटले, पंखा त्याच्या खिळ्याला लावला, माठ त्याच्या कोपऱ्यात सरकवला. आईला मी मिनत्या केल्या, आणि ती मुकाट्यानं बसली. पण एकदा चूल पेटली नि तिच्यातली बाई जागी झाली. बाहेरची माणसं मोजून तिनं भात घातला. मच्छी आणवली, कांदा चिरायला मैत्रिणींना लावलं. ओलं लाकूड धुमसायला लागलं. तेल उडालं, कढण ऊतू गेलं, एका मैत्रिणीनं हळदीचा हात चौकटीला पुसला आणि जीभ चावली. मी ओरडले, "पूस, आणखी पूस!" धूर चुलीमागून वर चढला, छपराशी वळला, आणि भिंतीवर माझ्या सरसाला कधी जमला नसता असा काळा पंखा उमटू लागला. आई खोकत म्हणाली, "बघ गो, झाली तुझी घान. खुशाल बघ." आणि हसली.

कारेल दारापर्यंत येऊन बघून गेला, पण पास म्हणाला नाही. तो म्हणाला, मी कधी असं स्वयंपाकघर बघितलेलं नाही, मी कोण पास करणारा. जिचं आहे तिला बोलाव. सगळ्या पुरुषांना त्यानं बाहेर रस्त्यापर्यंत नेलं. मी धावत जाऊन उम्म नासरला आणलं. आईनं जेवायला बोलावलंय, एवढंच तिला सांगितलं.

ती बत्तूला लावून आली, तो तिथल्या बायकांचा तोंडावरचा मुखवटा. डोळे तेवढे दिसत होते. अंगणातून आली तेव्हा इकडेतिकडे बघून काहीतरी पुटपुटली. स्वयंपाकघराच्या दारात आली. ती आत आली, चुलीकडे बघितलं आणि आईवर कडाडली, केवढी आग लावून ठेवलीस, भात करपेल. बोलता बोलता तिचा हात, तिनं मान न वळवता, दाराच्या मागे गेला. खिळ्यावरून पंखा काढला. मग भिंतीला हात टेकून ती चुलीपाशी बसली, दोन लाकडं मागे ओढली आणि वारा घालायला लागली. बराच वेळ वारा घातल्यावर ती थांबली. पंख्याकडे बघितलं, खिळ्याकडे बघितलं. बत्तूल्याच्या वर तिचे डोळे भरून आले. आईनं तिच्या खांद्यावर हात ठेवला. दोघींना एकमेकींची भाषा कामापुरतीच येत होती.

मी बाहेर रस्त्यावर गेले. कारेल येरझारा घालत होता. काय म्हणाली ती, त्यानं विचारलं. मी म्हटलं, काही म्हणाली नाही. बसली. तो उभ्या जागी थबकला. "खलास, झालं काम," तो बाबांना म्हणाला. "मुंबई."

मोठे साहेब येऊन बघून गेले, आणि त्या प्रसंगाचं शूटिंग दुसऱ्या दिवशी झालं. आम्हा बायकांना बघायला मिळालं नाही. तो सिनेमाही मी कधी बघितला नाही, पूर्ण झाला की नाही तेही माहीत नाही. कारेल तिथून आणखी कुठेतरी गेला. त्याच्या देशात पुढे बरीच उलथापालथ झाली, तो कुठे अडकला, सुटला, मला कळायला मार्ग नव्हता. पुष्कळ वर्षांनी एका महोत्सवात झेक सिनेमा बघताना शेवटच्या नामावळीत त्याचं नाव आलं. मी खुर्चीतून अर्धी उठले. आणि बसायच्या आत ते पुन्हा आलं, दुसऱ्या कामापुढे. अंधारात मी एकटीच मोठ्यानं हसले, शेजारच्यांनी वळून बघितलं.

पण मला सांगायचं आहे ते सेट मोडायच्या दिवसाचं. बाबांची माणसं सकाळीच हातोडे घेऊन आली. दर्शनी भाग उतरवायला सुरुवात झाली. वारा सुटला होता, सुटे पत्रे वाजत होते. मी शेवटचं बघायला मागे गेले तर स्वयंपाकघरातून खसखस आवाज येत होता. आई राख नि काथ्या घेऊन भिंत घासत बसली होती.

मी म्हटलं, "आये, अगं तासाभरात पाडणार आहेत हे."

"पाडू देत की," ती हात न थांबवता म्हणाली. "पाडनार ते पाडतील. आपन शिजवून खाल्लां हितं. घान तशीच ठेवून उठायचां काय?"

बाबा हातोडा घेऊन आत आले, आईकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि बाहेर जाऊन माणसांना सांगितलं, चहा घ्या जरा. मुंबईच्या बोटीवर चढायला मला थोडेच दिवस राहिले होते. आईनं त्याबद्दल अजून एक अक्षर काढलं नव्हतं, आताही काढलं नाही. तिनं आपल्यापुढची राख अर्धी माझ्याकडे सरकवली. मी काथ्या उचलला आणि तिच्या बाजूला बसले. माठाचा कोपरा झाला होता, दाराची चौकट झाली होती. चुलीमागची भिंत तिनं माझ्यासाठी ठेवली होती.